कॅमेऱ्याने उंबरठ्याबाहेर किती थांबावे?

१९ जानेवारी २०२४ रोजी सोलापूरजवळच्या कुंभारी येथे रे नगर गृहप्रकल्पातील १५,००० घरे पंतप्रधानांच्या हस्ते कामगारांना अर्पण करण्यात आली. विडी वळणाऱ्या, यंत्रमागावर राबणाऱ्या, कचरा वेचणाऱ्या कुटुंबांची ही घरे. लहानपणी आपल्यालाही असे घर मिळाले असते तर, अशा आशयाचे उद्गार काढताना पंतप्रधानांचा कंठ दाटून आला आणि ते दृश्य त्याच दिवशी देशभरच्या पडद्यांवर पोहोचले. त्या भावनेची चिकित्सा करण्याचे येथे प्रयोजन नाही. ध्यानात घेण्याजोगी गोष्ट निराळीच आहे. व्यासपीठावरचा गहिवर सर्वांना दिसला. परंतु ज्यांच्यासाठी तो सारा समारंभ होता, त्या मंडपातल्या बायांच्या मनात त्या घटकेला काय चालले होते, याचा पत्ता त्या चित्रांतून फारसा लागला नाही. कॅमेरा त्यांच्यावरून फिरला आणि पुढे गेला.

त्याआधी सातच महिने, १५ जून २०२३ रोजी, श्री सिद्धेश्वर सहकारी साखर कारखान्याची चिमणी विमानांच्या वाटेतील अडथळा म्हणून पाडण्यात आली. ती कोसळतानाचे दृश्यही असेच घरोघरी पोहोचले. चिमणी कोसळायला काही क्षण पुरतात आणि चित्रीकरणही तेवढ्यात आटोपते. त्या कारखान्यावर ज्यांनी आपले सारे उमेदीचे आयुष्य काढले, त्यांना ते दृश्य कसे पाहवले असेल, हे जाणून घ्यायला मात्र काही क्षण पुरत नाहीत. त्यासाठी कोणाच्या तरी ओसरीवर जाऊन बसावे लागते, आणि तेही चिमणी पाडण्याच्या दिवशी नव्हे.

संप, मोर्चा, निवडणूक, दुष्काळ आणि गड्ड्याची जत्रा, अशा निमित्तांनी सोलापुरात कॅमेरे येतात आणि निमित्त सरले की परततात. वृत्तचित्रणाचा तो धर्मच आहे. त्याबद्दल तक्रार करण्यात अर्थ नाही. परंतु अनुबोधपट म्हणून जो काही कलाप्रकार आहे, त्याचा धर्म वेगळा असायला हवा. माणसाचे दुःख, त्याची लाज, त्याचा आनंद, त्याचा मूक संताप हे जर अनुबोधपटकाराला दाखवायचे असेल, तर त्याने त्या माणसाच्या किती जवळ जावे आणि कोणत्या अधिकाराने जावे, हा प्रश्न तंत्राचा नसून नीतीचा आहे. या प्रश्नाचे सर्वात सोपे आणि सर्वात फसवे उत्तर असे दिले जाते की, भिंग पुढे सरकवावे. डोळ्यांच्या कडा ओलावल्या की चेहरा पडदाभर करावा. आज वाहिन्यांवरून अपघातग्रस्ताच्या तोंडापुढे ध्वनिक्षेपक धरून ‘तुम्हाला काय वाटतं?’ असे विचारले जाते, ते याच समजुतीपोटी. अशा वेळी अंतर कमी होते ते केवळ इंचांमध्ये मोजता येणारे.

एके काळी आपल्याकडे याच्या अगदी उलट रीत होती. १९४८ साली स्थापन झालेल्या आणि आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या पटांतून धरणे, कालवे, सुधारित बियाणे आणि हसतमुख शेतकरी दिसत असत. पण त्या शेतकऱ्याचा आवाज बहुधा ऐकू येत नसे. त्याच्या वतीने एक खणखणीत निवेदक बोले. त्या संस्थेतही सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती यांच्यासारखे वेगळ्या वाटेने जाणारे लोक होते, आणि शास्त्रींनी १९६७ साली ‘आय अॅम ट्वेंटी’मध्ये स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुणांना स्वतःच्या तोंडाने बोलू दिले, हे विसरून चालणार नाही. परंतु भावना म्हटली की ती कथापटाच्या वाट्याची, हीच सर्वसाधारण समजूत होती. सोलापूरचे सुपुत्र डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा चेहरा कित्येकांच्या स्मरणात राहिला, तो १९४६ च्या पटात त्यांची भूमिका करणाऱ्या व्ही. शांतारामांचा!

या दोन टोकांच्या मधून एखादा मार्ग निघतो काय, याचा विचार करताना मराठी मुलुखातले जे उदाहरण प्रथम डोळ्यांपुढे येते, ते आनंद पटवर्धनांचे. त्यांची ओळख राजकीय अनुबोधपटकार अशी आहे, आणि ती यथार्थ आहे. त्यांच्या राजकीय मतांशी अनेकांचे जमत नाही. न्यायालयांत आणि परीक्षण मंडळापुढे त्यांचे झगडे वर्षानुवर्षे चालले. पण त्या वादांच्या धुरळ्यात त्यांच्या कामाचा जो गाभा आहे, तो झाकला जातो. माणसांच्या दुःखाजवळ जाण्याची त्यांची रीत हा तो गाभा होय.

मुंबईतील झोपडपट्ट्यांच्या पाडापाडीवरचा त्यांचा ‘हमारा शहर’ १९८५ साली पुरा झाला. त्यात एक प्रसंग आहे. संतापलेली एक बाई कॅमेरेवाल्यांनाच फैलावर घेते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव मिळवणार, आमच्या पदरात काय पडणार, असा तिच्या बोलण्याचा आशय. दुसऱ्या एखाद्याने संकलनाच्या वेळी हा तुकडा निमूटपणे कापला असता. सद्भावनेने काम करणाऱ्याला असा प्रश्न विशेषच झोंबतो. पटवर्धनांनी तो ठेवला. एवढेच नव्हे, तर १९८६ साली झोपडपट्टीवासीयांच्या निवाऱ्यासाठी शबाना आझमी आणि इतरांबरोबर ते उपोषणालाही बसले. उपोषणाने त्या बाईच्या प्रश्नाचे पुरते उत्तर मिळाले, असे कोणी म्हणणार नाही. मात्र प्रश्न आपल्याला विचारला गेला आहे, हे त्यांनी मान्य केले.

याच पटात विलास घोगरे नावाचा एक शाहीर गातो. पुढे बारा वर्षांनी, ११ जुलै १९९७ रोजी, घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्यावर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा माणसे मृत्युमुखी पडली. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. डाव्या कलापथकात आयुष्य घालवलेल्या आणि त्या पथकाने दूर केलेल्या या शाहिराने मरताना डोक्याला निळे फडके बांधले होते. वृत्तपत्रांच्या दृष्टीने ही एका दिवसाची बातमी होती. पटवर्धनांच्या दृष्टीने तो ओळखीच्या माणसाचा मृत्यू होता, आणि ते निळे फडके हे न सुटलेले कोडे. त्या कोड्याचा माग घेत ‘जय भीम कॉम्रेड’ हा पट झाला, आणि तो पुरा व्हायला चौदा वर्षे लागली.

चौदा वर्षांत काय होते, हे तो पट पाहिल्यावाचून कळणे कठीण आहे. गोळीबाराचा खटला रेंगाळतो, आणि तसा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला २००९ साली सत्र न्यायालयाकडून शिक्षा होते. ज्या वस्तीत रक्त सांडले तेथेच लग्ने लागतात, जयंत्या होतात, नवी गाणी रचली जातात, जुने पुढारी नव्या आघाड्यांत जातात. तीन तासांहून अधिक लांबीच्या या पटात रडणारी माणसे आहेत, पण रडणे हा त्यांचा एकमेव व्यवसाय नाही. ती विनोद करतात, भांडतात, गातात, भाजी चिरतात. आणि म्हणूनच जेव्हा एखाद्याचा आवाज फुटतो, तेव्हा प्रेक्षक त्या माणसाला ओळखत असतो. परक्या माणसाचे अश्रू पाहून कीव येते; ओळखीच्या माणसाचे पाहून आपण गप्प होतो. ही ओळख कोणत्याही भिंगाने साधत नाही. जानेवारी २०१२ मध्ये हा पट प्रथम दाखवला गेला तोही भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत, तिथल्या रहिवाशांपुढे.

२०२३ सालच्या ‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये याच माणसाने कॅमेरा स्वतःच्या घरात वळवला. वडील बाळू पटवर्धन, स्वातंत्र्यलढ्यात नाव कमावलेल्या रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धनांचे धाकटे बंधू. आई निर्मलाबाई, सिंधमधल्या हैदराबादेच्या, शांतिनिकेतनात शिकलेल्या आणि मृत्पात्रांच्या कलेत मान्यता पावलेल्या. म्हाताऱ्या आईवडिलांचे हे चित्रीकरण मुळात घरगुती आठवण म्हणून होत गेले. त्याचा पट व्हायचा होता, तो ती दोघे गेल्यानंतर पुष्कळ काळाने झाला. घरातल्या घरात जवळीक आयतीच असते, तिचे कसले कौतुक, असे कोणी म्हणेल. वस्तुतः परक्याच्या घरात पाळायचा संयम स्वतःच्या घरात पाळणे अधिक अवघड. थकत चाललेल्या वडिलांच्या खोड्या आणि आईचे फटकळ शेरे मुलाने ऐकून घेतले आहेत. त्यांना करुण करून दाखवण्याचा मोह टाळला आहे.

जवळीक म्हणजे चेहऱ्याजवळ जाणे नव्हे, याचा याहूनही चकित करणारा दाखला फ्रान्समध्ये साठ वर्षांपूर्वी मिळून गेला. जाँ रूश आणि एद्गार मोरँ यांनी १९६० च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये चित्रित केलेल्या पटात मार्सेलिन नावाची तरुणी आहे. किशोरवयात नाझींनी तिला वडिलांबरोबर छळछावणीत नेले होते. ती परतली, वडील परतले नाहीत. ध्वनिमुद्रणयंत्र सोबत घेऊन ती निर्मनुष्य रस्त्यातून चालते आणि हलक्या आवाजात वडिलांशी बोलते. कॅमेरा हळूहळू तिच्यापासून दूर दूर जात राहतो. ती लहान लहान होत जाते, आवाज मात्र कानाशीच राहतो. ऐकणारा कोणी समोर नसल्यामुळेच तिला जे बोलता आले, ते समोर बसून विचारले असते तर कदाचित आले नसते. त्याच पटाच्या अखेरीस भाग घेतलेल्यांना चित्रीकरण दाखवून त्यांची मते विचारली आहेत, आणि त्यात एकवाक्यता मुळीच नाही. हे खोटे वाटते, असे एक म्हणतो; हे उघड्यावर मांडायला नको होते, असे दुसरा म्हणतो.

याच्या नेमक्या उलट क्लोद लाँझमान. १९८५ सालच्या ‘शोआ’ या साडेनऊ तासांच्या पटात त्रेब्लिंका छावणीतून वाचलेल्या एका न्हाव्याला त्यांनी भाड्याने घेतलेल्या केशकर्तनालयात उभे केले, एका माणसाचे केस कापायला लावले आणि मृत्यूच्या दारात उभ्या असलेल्या स्त्रियांचे केस त्याने कसे कापले, हे त्याच्याकडून वदवून घेतले. मध्येच त्याचा कंठ रुद्ध होतो, तो थांबवण्याची विनवणी करतो, आणि लाँझमान त्याला थांबू देत नाहीत. सांगावेच लागेल, असा आग्रह धरतात. ही क्रूरता की इतिहासाप्रती कर्तव्य, यावर आजही दोन पक्ष आहेत. लाँझमान यांच्या बाजूने एवढे नक्कीच म्हणता येईल की, त्यांनी अकरा वर्षे त्या कामाला दिली होती आणि समोर जो पुरावा होता तो जगातून पुसला जाण्याच्या बेतात होता. हे दोन्ही ज्याच्यापाशी नाही, त्याने तो आग्रह धरू नये.

आता सोलापूरकडे वळावे. शहराच्या पूर्व भागात सकाळी कोणत्याही बोळातून गेले तर दारात सूप मांडीवर घेऊन विड्या वळणाऱ्या बाया दिसतात. पाने भिजवणे, कातरणे, तंबाखू भरणे, वळणे, दोरा बांधणे हे सारे बोटांच्या अशा लयीत चालते की परक्या माणसाला पाहतच राहावेसे वाटते. त्यामुळे बाहेरून आलेला कॅमेरा हमखास बोटांवर जाऊन बसतो. बोटे सुंदर दिसतात. मजुरी हजार विड्यांच्या हिशेबाने मिळते, तपासणीत नापास ठरलेल्या विड्या त्या हिशेबातून वजा होतात आणि तंबाखूची धूळ चोवीस तास घरातच असते, हे बोटांवरून दिसत नाही. पाहुणा दोन दिवस राहतो, एखाद्या बाईला नवऱ्याच्या दारूविषयी विचारतो, तिचे डोळे भरून येतात आणि पटाचे काम होऊन जाते.

आणि ती कोणत्या भाषेत रडते? हा प्रश्न सोलापुरात टाळता येत नाही. पूर्व भागातल्या पद्मशाली घरात तेलुगू बोलतात. बाजारात, शाळेत, कचेरीत मराठी चालते. शेजारी कन्नड आणि दखनी कानांवर पडत असते. बाहेरच्या माणसाला ती बाई मराठीत किंवा हिंदीत उत्तर देते, आणि ते बहुधा मोर्च्यात, सभेत, सर्वेक्षणवाल्यांपुढे अनेकदा दिलेले उत्तर असते. ते खोटे नसते, पण ते पाहुण्यासाठी राखलेले असते, जसे काही घरांत पाहुण्यांसाठी वेगळे पेले असतात. सुनेला मारलेला टोमणा, मैत्रिणीशी केलेली थट्टा, मुलीच्या लग्नाच्या कर्जावरून उमटलेला उसासा हे सारे तेलुगूत होते, आणि कॅमेरा बंद झाल्यावर होते. तेव्हा येथे मनाच्या जवळ जाऊ इच्छिणाऱ्याला महागडी भिंगे घेण्याआधी एक भाषा शिकावी लागेल. पुण्या-मुंबईहून येणाऱ्या किती जणांनी हा विचार केला असेल, कोण जाणे! खुद्द सोलापुरात पिढ्यान्‌पिढ्या शेजारी राहूनही ज्या मराठी भाषकांनी चार तेलुगू वाक्ये शिकून घेतली नाहीत, त्यांनीही याचे उत्तर द्यावयास हवे.

यावर दोन आक्षेप येतील, आणि दोन्ही वजनदार आहेत. पहिला असा की, कामगाराच्या भावनांत इतके रमले की त्याच्या प्रश्नाचा विसर पडतो. मजुरी, भविष्यनिर्वाह निधी, घरकुल यांसाठी लढे झाले ते अश्रू दाखवून झाले नाहीत. हा धोका खराच आहे. परंतु हजारीमागच्या दराचा लढा आणि त्या बाईचा उसासा हे दोन वेगळे विषय मानणे, हीच मूळ चूक आहे. नापास विड्यांची चळत पाहून तिच्या चेहऱ्यावर जे उमटते, त्यात अर्थशास्त्रही आहे आणि अपमानही. दर सांगून चेहरा न दाखवणारा पट सरकारी अहवाल होतो; चेहरा दाखवून दर न सांगणारा पट तमाशा होतो. दुसरा आक्षेप पैशाचा. चौदा वर्षे कोणाला परवडणार? पटवर्धनांनी आपले पट बव्हंशी स्वतःच्या हिंमतीवर केले. प्रत्येकाला ते साधणार नाही. याला चोख उत्तर नाही. मात्र पूर्वी चित्रफितीच्या एकेका फुटाला मोल होते, ते आता राहिलेले नाही. कॅमेरा स्वस्त झाला आहे आणि महाग राहिला आहे तो केवळ वेळ. ज्या गावातला माणूस त्याच गावात राहून हे काम करील, त्याला हा वेळ थोडा तरी स्वस्त पडेल.

गावातला माणूस काय करू शकतो, हे याच जिल्ह्याने दाखवले आहे. करमाळा तालुक्यातील जेऊरचे नागराज मंजुळे हे अनुबोधपटकार नव्हेत. पण ‘पिस्तुल्या’ या लघुपटापासून त्यांनी जी मुले, जी माणसे पडद्यावर आणली, ती ज्या मातीतली आहेत त्याच मातीतले ते स्वतः आहेत. २०१३ सालच्या ‘फँड्री’च्या शेवटी डुकरे पकडताना गावाची टिंगल सोसलेला जब्या दगड भिरकावतो, तो थेट प्रेक्षकाच्या दिशेने येतो. ‘हमारा शहर’मधल्या त्या बाईचा प्रश्न आणि हा दगड यांच्यात अठ्ठावीस वर्षांचे अंतर आहे. दोन्ही वेळी ज्याच्याकडे टक लावून पाहिले जात होते, त्याने पाहणाऱ्याला जाब विचारला आहे.

यात विलंब करण्याजोगी परिस्थिती सोलापूरची नाही. १९३० सालचा मार्शल लॉ ज्यांनी डोळ्यांनी पाहिला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी चौघांना येरवड्यात फाशी दिल्याची वार्ता ज्यांनी ऐकली, ती पिढी गेली. त्यांच्यातल्या किती जणांचा आवाज आपण राखून ठेवला? १८७७ साली उभ्या राहिलेल्या जुन्या गिरणीतले कामगार आता शोधूनही क्वचितच सापडतील. लक्ष्मी-विष्णूचा भोंगा गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकात थांबला. तेव्हा चाळिशीत असलेला साचेवाला आज सत्तरीत आहे. नोकरी गेल्यावर त्याने रिक्षा चालवली असेल, हातगाडी लावली असेल, बायकोच्या विड्यांवर घर चालताना पाहिले असेल. त्या वर्षांविषयी तो घरात कधी बोलला आहे काय, हे त्याच्या मुलांनाही ठाऊक नसेल.

विद्यापीठात जनसंज्ञापनाचे शिक्षण घेणारी मुले आहेत, त्यांतली काही याच बोळांतून येतात, आणि त्यांना तेलुगू शिकवावी लागत नाही. एकेका मुलाने एकेका बोळात वर्षभर जावे. पहिले सहा महिने कॅमेरा पिशवीतच राहिला तरी बिघडत नाही. जे चित्रित होईल ते सर्वांआधी त्याच बोळात, भिंतीला चादर बांधून, ज्यांचे आहे त्यांना दाखवावे. आणि हे काढून टाक, असे त्या बायांनी सांगितले तर मुकाट्याने काढावे. त्या काय काढायला सांगतील, याचा अंदाज आज कोणालाच करता येणार नाही. कदाचित रडण्याचे दृश्य त्या राहू देतील आणि पाहुण्यांपुढे फुटका कप ठेवला गेला, तेवढे कापायला लावतील.